दाराशी ठेवलेला चहा

१

दोलेबेर गावात भांडण कुणाचंही असो, ते शेवटी माम बापीरच्या दिवाणखान्यात येऊन बसायचं. कुणाची मेंढी कुणाच्या गव्हात शिरली, भावाने भावाची भिंत हातभर पुढे सरकवली, बायको रुसून माहेरी गेली. कोर्ट होतं खाली रानिया शहरात, पण तिथे जायला वेळ कुणाला आणि वकिलाचं ऐकून घ्यायला धीर कुणाला? सकाळी नऊला पुरुष यायचे, दाराशी जोडे काढायचे आणि भिंतीलगतच्या गाद्यांवर आपापल्या मानाप्रमाणे बसायचे. वर खिडकीखाली बापीर, त्याच्या उजव्या हाताला मुल्ला, मग बाकीचे. अगदी खाली, जोड्यांचा वास येतो त्या दाराजवळच्या जागेवर सहसा कुणी बसत नसे.

बापीर बहात्तर वर्षांचा होता; सगळं गाव त्याला माम, म्हणजे काका, म्हणायचं. पांढरी दाढी दर शुक्रवारी कातरायचा, आणि कातरताना आरशात स्वतःकडे जरा जास्तच वेळ बघायचा, असं त्याची सून पेरशंग शेजारणीला सांगायची. तिचं काही चुकत नव्हतं. स्वतःवर खूश राहण्यासारखंच त्याचं आयुष्य गेलं होतं.

चहा पेरशंग आणायची. कमरेत बारीक असलेले छोटे पेले, तळाशी साखर, बशीत चमचा. पुरुष चमचे फिरवायचे आणि पाचेक मिनिटं खोलीत नुसती किणकिण चालायची. पण ज्याचं काही मागणं असेल तो चमच्याला हात लावत नसे. मागणं घेऊन आलेला माणूस समोरचा चहा पीत नाही, तसाच बसून राहतो. यजमान "प्या" म्हणाला की मागणं मान्य झालं. कागद नाही, सही नाही, तो एक शब्द. आणि बापीरच्या "प्या"ला तर आसपासच्या सात-आठ गावांत जज्जाच्या शिक्क्याहून जास्त वजन होतं.

एका मंगळवारी सगळे उठून गेले आणि पेरशंग पेले गोळा करायला आली. दाराशी येऊन ती थांबली.

"माम, इथे कोण बसलं होतं?"

"कुणी नाही. का?"

"हा भरलेला आहे."

बापीरने मान उंचावून बघितलं. दाराजवळच्या जागेपुढे बशीत एक पेला होता, काठोकाठ भरलेला. साखर तळाशी जशीच्या तशी, चमचा कोरडा.

"तूच एक जास्त ओतलास. लक्ष कुठे असतं तुझं? फोनमध्ये."

"मी सहा ओतले. हे बघा, सहा रिकामे माझ्या हातात आहेत."

"मग सात ओतले असशील."

पेरशंग वाकली. तिने पेला उचलला आणि लगेच बशीत परत टेकवला, कारण तो अजून चांगलाच गरम होता. माणसं तर तासाभरापूर्वी चहा पिऊन मोकळी झाली होती.

२

पुढच्या पंधरा दिवसांत असं चार वेळा झालं. बापीर तसा डोकं ताळ्यावर असलेला माणूस. त्याने कारणं शोधली. पेरशंगचा नवरा, म्हणजे त्याचा मुलगा, कामासाठी शहरात. बाईचं मन घरात नाही, हात आपोआप चालतात. दुसरं, आपला डावा डोळा आता भरवशाचा राहिलेला नाही. तिसरं, गावातली टवाळ माणसं. म्हाताऱ्याची गंमत करायला एखादा पेला मागे ठेवून जाणं यांना काय जड?

मग त्याने बंदोबस्त केला. पेल्यांचं कपाट कुलपात घातलं आणि किल्ली आपल्या कमरबंदात खोचली. आलेली माणसं बघून तेवढेच पेले स्वतः काढून द्यायचा. पेरशंग मुकाट घ्यायची. सासरा म्हातारपणी पेल्यांवर पहारा ठेवायला लागला, हे तिने शेजारणीला सांगितलं नाही, यावरून तिलाही काय वाटत होतं ते समजावं.

कुलूप घातल्याच्या तिसऱ्या दिवशी पाच माणसं आली. पाच पेले गेले, पाच रिकामे झाले. आणि सगळे गेल्यावर सहावा दाराशी होता.

बापीर स्वतः उठून गेला. गुडघे कुरकुरले. खाली वाकून त्याने पेला बघितला आणि मग त्याला वाकलेलं सरळ होता येईना. पेला त्यांच्या कपाटातला नव्हताच. याच्या काठाला सोनेरी रेघ होती, आणि एका बाजूला ती रेघ पुसट झालेली होती.

त्याची बायको खजीज लग्नात असे सहा पेले घेऊन आली होती. खजीज जाऊन नऊ वर्षं झाली. पेले त्याच्याही आधी गेले होते, सगळेच्या सगळे.

"काय झालं, माम?" पेरशंगने विचारलं.

"काही नाही. ओतून टाक."

ती पेला घेऊन अंगणात गेली. परत आली तेव्हा तिच्या हातात बशीसुद्धा नव्हती. पेला कुठे ठेवलास, हे बापीरने विचारलं नाही, आणि तिने सांगितलं नाही.

३

त्याच आठवड्यात वरच्या झऱ्यावर खून झाला. पाण्याच्या पाळीवरून. पीरोतचा मुलगा आणि हाजी मौलूदचा मुलगा, दोघांनी फावडी उगारली, आणि हाजीचा मुलगा परत उठला नाही. पीरोतचा मुलगा पोलिसांकडे जाऊन बसला, कारण बाहेर राहिला असता तर संध्याकाळपर्यंत जगला नसता. पण तुरुंगाने इथे कुणाचं समाधान होत नाही. हाजीच्या घराच्या गच्चीवर बंदुका दिसायला लागल्या आणि पीरोतच्या घराच्या खिडक्या बंद झाल्या.

दोन्ही घरांचं हे पहिलं रक्त नव्हतं. बावीस वर्षांपूर्वी याच पीरोतने, तेव्हा पोरसवदा होता, हाजीच्या चुलतभावाला लग्नाच्या गर्दीत गोळी घातली होती. तो समेट बापीरने केला होता, आणि त्याच्या नावाचा दबदबा तिथूनच सुरू झाला.

दुपारी पीरोत आला. दिवाणखाना रिकामा होता. तो दाराकडे पाठ करून बसला, चहा समोर आला तरी हात मांडीवरच ठेवून.

"माम, आधीसारखं करा."

"आधीसारखं म्हणजे?"

"तुम्हाला माहीत आहे. झऱ्याखालचं शेत त्यांना. आम्ही गाव सोडून सात वर्षं खाली मैदानात राहू. आणि तलार त्यांच्या धाकट्या मुलाला."

तलार त्याची मुलगी. अठरा वर्षांची, रानियाला नर्सिंग शिकत होती.

"कायद्याने बंद झालंय हे आता," बापीर म्हणाला.

"कायदा कागदावरचं बघतो. कागदावर साधं लग्न लिहायचं. मुल्ला लिहितील."

"आणि पोरगी?"

पीरोतने हाताच्या तळव्याकडे बघितलं. "तयार आहे. मी तिला तिच्या आत्याचं सांगितलं. झेरीन कशी स्वतःच्या पायांनी गेली ते. तुम्ही सांगितलं होतंत ना सगळ्यांना, 'भावाच्या जिवासाठी जाते' म्हणाली म्हणून. तलार दोन दिवस रडली, मग म्हणाली, आत्या गेली तर मीही जाईन."

खिडकीबाहेर कोंबड्या माती उकरत होत्या. नाही म्हणावं तर गच्चीवरच्या बंदुका. हो म्हणावं तर ती पोरगी. पण आजवर त्याच्या समोर चहा न पिता कुणी परत गेलं नव्हतं.

"प्या," तो म्हणाला. "शुक्रवारी त्यांच्याकडे जाऊ."

पीरोतने साखर ढवळली, चहा संपवला, बापीरचा हात हातात घेऊन कपाळाला लावला. बापीरने त्याच्या खांद्यावरून दाराकडे बघितलं. तिथे सोनेरी रेघेचा पेला होता. पीरोत उठला, वळला आणि बाहेर पडला. जाताना त्याचा पाय पेल्याच्या वर नेमका उंच उचलला गेला, आणि त्याने खाली बघितलंही नाही.

४

झेरीन पीरोतची बहीण. तेव्हा सतरा वर्षांची होती.

पीरोत खून करून धावत आला होता तो बापीरच्याच घरात. आसऱ्याला आलेल्या माणसाला कुणी हात लावायचा नाही, म्हणून बापीरने त्याला दिवाणखान्यामागच्या धान्याच्या खोलीत ठेवलं. तीन आठवडे बापीर दोन्ही घरांमध्ये हेलपाटे घालत होता. शेवटी हाजीकडचे म्हणाले, बहीण द्या. रक्ताच्या बदल्यात मुलगी आली, तिच्या पोटी आमच्या घरात माणूस जन्मला, की गेलेला माणूस भरून निघाला. इकडे असं पूर्वीपासून करत आले होते. बापीरला तोडगा पसंत पडला. कुणी मरणार नव्हतं.

समेटाच्या आदल्या दिवशी दुपारी झेरीन एकटी आली. बाईमाणूस दिवाणखान्यात येत नाही, पण ती आली आणि दाराजवळ, जोड्यांपाशी गुडघे जवळ घेऊन बसली. खजीजने तिला चहा दिला. सोनेरी रेघेच्या पेल्यात. पोरीने हात लावला नाही.

"माम, मला देऊ नका."

"अगं, भावाचा जीव आहे."

"भावाने मारलं. मी कुणाला मारलं?"

तेवढ्यात चढावर ट्रॅक्टर वाजला. हाजीकडची माणसं अटी ठरवायला एक दिवस आधीच येत होती. पोरगी इथे दिसली असती तर तीन आठवड्यांची सगळी मेहनत पाण्यात गेली असती. बापीरची नजर रस्त्याकडे गेली.

"बरं, पी," तो म्हणाला. "चहा पी, पोरी. गार होतोय."

तिने त्याच्याकडे बघितलं, खरं आहे ना, असं. त्याने मान हलवली. तिने कढत चहा एका घोटात प्यायला. तोंड भाजलं, डोळ्यांतून पाणी आलं, तरी हसत होती. मग बापीरच्या हाताचं चुंबन घेऊन मागच्या दाराने पळाली.

दुसऱ्या दिवशी तिला दिलं. रक्ताच्या बदल्यात जाणाऱ्या मुलीला ढोल नसतो, मेंदी नसते. ट्रॉलीत बसवून तिला नेलं. बापीरच्या घरावरून जाताना ती रडली नाही की ओरडली नाही, फक्त दिवाणखान्याच्या खिडकीकडे बघत राहिली. लोकांनी विचारलं, पोरगी काय म्हणाली? बापीर म्हणाला, "शहाणी आहे. म्हणाली, भावाच्या जिवासाठी जाते." तसं म्हणायची कुणी त्याच्यावर सक्ती केली नव्हती. बरं दिसलं म्हणून म्हणाला. मग ते वाक्य गावात सगळ्यांच्या तोंडी झालं, आयांनी पोरींना सांगितलं, आणि बापीरने प्रत्येक वेळी मान खाली घालून ऐकून घेतलं. लोकांना तो विनय वाटला.

तिसऱ्या हिवाळ्यात झेरीन गेली. ताप होता म्हणे. बापीर हाजीकडे दुखवट्याला गेला आणि तिथे पोटभर जेवला. त्या संध्याकाळी खजीजने आपले सोनेरी रेघेचे सहाही पेले एकेक करून अंगणातल्या दगडावर फोडले. हातातून पडले, म्हणाली.

५

गुरुवारी दुपारी बापीरने पेरशंगला समोवर, चहाचं पाणी उकळत ठेवायचं तोटीचं भांडं, दिवाणखान्यात आणून ठेवायला सांगितलं. आज कुणी येणार नाही, मीच बसतो, म्हणाला.

पितळेचा समोवर खालून हळू गुणगुणत होता. बाहेर लख्ख ऊन. बापीर खिडकीखाली आपल्या जागेवर बसला आणि मनातल्या मनात उद्याचं भाषण जुळवायला लागला. एका पोरीपेक्षा चार माणसांचे जीव मोठे. असंच चालत आलंय. आणि तलार स्वतः तयार आहे. सगळं बरोबर होतं. फक्त ते "तयार आहे" कुठून आलं, हे त्याला माहीत होतं. त्याच्याच तोंडून निघून, बावीस वर्षं फिरून ते आता एका पोरीच्या गळ्यात पडलं होतं. म्हाताऱ्याचे कान गरम झाले. एवढ्या वयात, एकट्याने बसलेलं असताना, त्याला स्वतःच्याच खोलीत कुठे बघावं समजेना.

म्हणून तो समोवरकडे बघत राहिला. फुगीर पितळेत सगळी खोली वाकडी होऊन दिसत होती. खिडकी वीतभर, तो स्वतः ठेंगणा, गाद्या दोरीसारख्या, आणि टोकाला दार. दाराशी कुणीतरी बसलेलं होतं. गुडघे जवळ घेऊन. डोक्याला पांढरं फडकं. चेहरा असायला हवा त्या जागी पितळेला पोचा होता.

बापीरने मान वळवली. दाराशी फक्त पेला होता आणि त्यातून वाफ निघत होती. गादीवर मात्र खड्डा होता, बसलेलं माणूस नुकतं उठून गेल्यावर असतो तसा. तो बघत असताना खड्डा भरून आला नाही.

"म्हातारा झालोय," तो मोठ्याने म्हणाला. "डोळ्याचं ऑपरेशन करायला हवं."

पेरशंग साखर घेऊन आत आली. दारातच ती थोडी बाजूला सरकली, वाटेत कुणी बसलं असेल तर सरकतात तशी.

"माम, तिला जरा वर तरी बसवा. दारातून गार वारा येतो."

"कुणाला?"

पेरशंग थांबली. साखरेचं भांडं तिने छातीशी धरलं. "मी काय म्हटलं?"

"'तिला' म्हणालीस."

"नाही हो," ती म्हणाली, पण चेहरा पांढरा पडला होता. मग हळू आवाजात, "माम, तिला काय हवंय? तुम्हाला ठाऊक आहे ना? माझ्या लक्षात आलंय, ती माझ्याकडे बघतच नाही. तुमच्याकडेच बघते."

बापीर सुनेला खरं सांगू शकला असता. घरचंच माणूस. त्याने तोंड उघडलं, आणि लाजेने कमरबंदातली किल्ली चाचपत राहिला. मग म्हणाला, "जा, भाकरीचं बघ."

६

हाजी मौलूदचा दिवाणखाना मोठा, चाळीस माणसं सहज मावतील असा. शुक्रवारच्या नमाजानंतर सगळे जमले. एका भिंतीवर मेलेल्या मुलाचा फोटो, काळ्या फितीत. हाजी फोटोखाली बसला होता. माणूस खंगला होता, तरी आवाज तोच, हुकमी.

पीरोतकडची माणसं मान खाली घालून आली आणि खालच्या बाजूला बसली. बापीर सर्वांच्या वतीने बोलणार म्हणून त्याला हाजीच्या समोर बसवलं. हाजीच्या पुतण्यांनी चहा फिरवला. समोवर दाराजवळच्या चौरंगावर होता. मागणं घेऊन आलेल्यांपैकी कुणीही चहाला हात लावला नाही.

बापीर बोलला, जसं बोलायचं तसं. मुल्लाने मध्ये दोन शब्द घातले. हाजीने बराच वेळ दाढी कुरवाळली आणि म्हणाला, "शेत झालं, गाव सोडणं झालं, मुलगी झाली. अल्लासाठी आणि माम बापीरसाठी, माफ केलं. प्या."

चाळीस माणसांनी श्वास सोडला. चमचे वाजायला लागले. पीरोतने पेला उचलला आणि खाली मान घालून प्यायला. बापीरचा पेला मात्र होता तिथेच होता.

"माम?" हाजी म्हणाला.

"माझं एक मागणं राहिलंय," बापीर म्हणाला. "माझं स्वतःचं. मुलगी सोडा. शेत दुप्पट घ्या, सात वर्षांची दहा करा. तलारला शिकू द्या."

चमचे थांबले. पीरोतने मान वर केली. हाजीचा चेहरा आधी दगडासारखा झाला, मग त्याने खोलीभर एक नजर फिरवली, एवढी माणसं, सगळ्यांच्या देखत, आणि मग तो हसला.

"तुमचा शब्द मोडायचा होय? ठीक आहे. सोडली. प्या माम, चहा प्या. गार होतोय."

खोलीत कौतुकाची कुजबुज झाली. मुल्ला म्हणाला, "हाजी, मन मोठं तुमचं." बापीरने पेला उचलला. काठ ओठाला लागला, आणि तिथेच तो थांबला. हाजीची नजर त्याच्यावर नव्हती. ती दाराबाहेर, रस्त्याकडे गेली होती, नसती ब्याद टळली म्हणून मोकळी झालेली. बापीरला ती नजर आतून ओळखीची होती. असंच बघितल्यावर पुढे काय करायचं असतं, हेही त्याला माहीत होतं.

त्याने पेला खाली ठेवला.

"कुराणावर हात ठेवून सांगा."

"काय?"

"शपथ घ्या, हाजी."

गोंधळ झाला. चहा प्या म्हटल्यावर शपथ मागायची म्हणजे यजमानाच्या तोंडावर थुंकणं. हाजीचे पुतणे उठून उभे राहिले. मुल्लाने बापीरची बाही धरली. "माम, डोकं फिरलंय का? तुम्ही? 'प्या' म्हटल्यावर या मुलखात कधी कुणी फिरलंय का?"

"मी फिरलोय," बापीर म्हणाला.

मग त्याने सांगितलं. झेरीन कुठे बसली होती, काय म्हणाली, तो काय म्हणाला. कढत चहा, एक घोट, हाताचं चुंबन. आणि ते वाक्य, भावाच्या जिवासाठी जाते, ते त्याचं स्वतःचं होतं, तिचं नाही. मध्ये एकदा त्याने कमरबंदाच्या टोकाने नाक पुसलं, लहान पोरासारखं. चाळीस पुरुषांनी त्याच्याकडे बघितलं, मग एकेकाने नजर काढून घेतली. आयुष्यभर ज्यांनी त्याच्या शब्दावर आपली भांडणं मिटवली होती, ते आता मनात आपापली भांडणं परत मोजत असावेत.

"ती माझ्याच घरात मेली," हाजी हळू म्हणाला. "कधी चहा घेत नसे. आम्हाला वाटायचं, माज आहे."

शांततेत समोवरचा गुणगुणता आवाज मोठा झाला. बापीरला तिकडे बघायचं नव्हतं, तरी त्याने बघितलं. पितळेत चाळीस वाकडी माणसं होती आणि शेवटी, जोड्यांपाशी, पांढरं फडकं. ते त्याच्याकडे वळलेलं नव्हतं. ते हाजीकडे वळलेलं होतं.

हाजीने पुतण्याला विचारलं, "दाराशी तो पेला कुणाला दिलास?"

पुतण्याने बघितलं आणि दोन पावलं मागे सरकला. हाजी त्या पेल्याकडे बराच वेळ बघत राहिला. त्याच्या कपाळावर घाम आला होता. मग त्याने हात पुढे केला.

"मुल्ला, कुराण द्या."

त्याने हात ठेवला आणि शपथ घेतली. तलारला त्याच्या घरातून कधी कुणी मागणार नाही, साधं लग्न म्हणूनसुद्धा नाही. सगळ्यांनी ऐकलं.

७

बापीरच्या हाताला त्या दिवशी कुणी हात लावला नाही. माणसं त्याच्या बाजूने निघून गेली, वाटेतल्या खांबाच्या बाजूने जातात तशी. तो सगळ्यात शेवटी उठला. बाहेर ओट्यावर पीरोत जोडे घालत होता. बापीर त्याच्यापुढे उभा राहिला. मान वर होईना.

"पीरोत, मला माफ कर म्हणायलाही माझं तोंड नाही. तुझ्या बहिणीच्या तोंडाला मी पानं पुसली. तुला तर काहीच माहीत नव्हतं."

पीरोतने एका जोड्याचा पट्टा लावला. मग दुसऱ्याचा.

"तेव्हा मी कुठे होतो, माम?"

"आमच्याकडे. धान्याच्या खोलीत."

"मधली भिंत मातीची आहे," पीरोत म्हणाला. "तुम्ही तिला 'पी' म्हणालात, तेव्हा मला वाटलं, संपलो मी. रात्रभर रडलो. दुसऱ्या दिवशी तिला नेलं, आणि माझ्या जिवात जीव आला."

बापीर त्याच्याकडे बघत राहिला. चाळिशी नुकती ओलांडलेल्या माणसाचे केस सगळे पिकलेले होते, हे त्याने आजवर नीट बघितलंच नव्हतं.

"आणि तरी तलारला तू ते सांगितलंस?"

"सांगितलं. तुमच्याच शब्दांत." पीरोत उठला. आवाज अगदी साधा होता, पाऊसपाण्याचं बोलावं तसा. "तुमच्याकडे कधीपासून येतोय पेला?"

"या महिन्यात आला."

पीरोतने मान डोलावली.

"आमच्याकडे झेरीन गेली त्या हिवाळ्यापासून येतोय. रोज. तलारची आई सकाळी ओतून टाकते. तलारला वाटतं, सगळ्यांच्याच घरी असतो."